घरातल्यांनीच घात केला, तो पैशापायी की जुन्या हिशोबापायी? (स्पॉयलर आहेत)

जागरण:

काल रात्री 'बिफोर द डेव्हिल नोज यू आर डेड' बघितला आणि त्यानंतर पहाटेपर्यंत झोप लागली नाही. २००७ चा आहे, सिडनी ल्यूमेटचा शेवटचा सिनेमा. पुढे सगळं उघड लिहिलंय, त्यामुळे बघायचा असेल तर आधी बघून या.

ज्यांना बघून बरेच दिवस झालेत त्यांच्यासाठी गोष्ट थोडक्यात. दोन भाऊ. थोरला अँडी, बड्या पगाराची नोकरी, कडक सूट, पण ऑफिसच्या पैशांवर हात मारलेला आणि ड्रग्जच्या पार आहारी गेलेला. धाकटा हँक, घटस्फोट झालेला, मुलीसाठी दर महिन्याला द्यायचे पैसे थकलेले, तिच्या शाळेच्या ट्रिपचे पैसे द्यायलासुद्धा खिशात काही नाही. अँडी त्याला म्हणतो की एक छोटं दागिन्यांचं दुकान लुटू, सोपं काम आहे. आणि ते दुकान कोणाचं तर त्यांच्याच आईवडिलांचं! त्याचं लॉजिक म्हणजे दुकानाची खडानखडा माहिती आपल्याला आहे, माल कुठे असतो, अलार्म कुठे आहे, त्या वेळी तिथे कोण असतं, सगळं पाठ, इन्शुरन्स आहे त्यामुळे म्हाताऱ्यांचं एक पैशाचं नुकसान नाही, कोणाला खरचटणारसुद्धा नाही. पण हँकची एकट्याने जायची हिंमत होत नाही, तो बॉबी नावाच्या एकाला बरोबर घेतो, तो खरी बंदूक घेऊन आत जातो, आणि नेमकी त्या दिवशी काउंटरवर कामवाल्या बाईऐवजी आई उभी असते. पुढचं तुम्हाला माहीत आहे.

मला दोन गोष्टी छळतायत. एक, हे सगळं नक्की कशासाठी झालं? पैशांसाठी म्हणावं तर अँडीला पैसे मिळवायचे दुसरे रस्ते होते, त्याने आईबापाचंच दुकान का निवडलं? आणि दुसरी, शेवटी बाप हॉस्पिटलमध्ये अँडीला उशीने गुदमरवून मारतो, तो न्याय म्हणायचा का? की तोही या घरातला एक घातच? मला बापाचा राग येत नाहीये आणि राग येत नाही याचाच त्रास होतोय.

खिडकीपाशी:

जागरण ताई, पहिल्या प्रश्नाचं माझ्यापुरतं उत्तर मी हा सिनेमा तिसऱ्यांदा बघितला तेव्हा मिळालं. पैसा हे निमित्त आहे. अँडीला त्या घराकडून काहीतरी वसूल करायचंय.

तो सीन आठवा, आईच्या अंत्यविधीनंतर बाप आणि अँडी घराबाहेर बोलत बसलेत. बाप माफी मागायचा प्रयत्न करतो, की तुला जसा बाप हवा होता तसा मी झालो नाही. अल्बर्ट फिनीसारखा नट, इतका मोठा देह, आणि ते चार शब्द तोंडातून बाहेर पडताना त्याची किती दमछाक होते ते बघा. आणि अँडी काय विचारतो? की मी नक्की तुमचाच मुलगा आहे ना? बाप फाडकन मुस्काटात मारतो. म्हणजे चाळिशीतल्या माणसाच्या मनात हा प्रश्न अजून आहे, तोही आई नुकतीच गेलीय त्या दिवशी. त्यानंतर गाडीत बायकोशेजारी बसून तो जो हंबरडा फोडतो, अन्याय झाला म्हणून, तो फिलिप सिमोर हॉफमनचा माझ्या मते आख्ख्या करिअरमधला सगळ्यात उघडावाघडा सीन आहे. तिथे तो आईसाठी रडतोय का? थोडंसं असेलही. पण जास्त रडतोय तो लहानपणी धाकट्याला मांडीवर घेतलं आणि मला नाही घेतलं या गोष्टीसाठी.

ज्या घरात आपल्याला माप कमी मिळालं असं मनात बसलेलं असतं ना, त्या घरातली वस्तू उचलताना माणसाला चोरी केल्यासारखं वाटतच नाही, हे माझंच होतं आणि मी घेतोय असं वाटतं. म्हणून दुसऱ्या कोणाचं दुकान त्याच्या डोक्यातच आलं नाही.

आणि म्हणूनच तो हँकला पुढे करतो. नीट बघा, प्लॅन अँडीचा पण दुकानात जायचं हँकने! लाडक्याच्या हातून आईबापाला लुटायचं. हे त्याने ठरवून केलं असं मी म्हणत नाही, त्याला स्वतःलाही हे कळलं नसेल, पण लिहिणाऱ्याला कळलंय.

ताळेबंद:

खिडकीपाशी, तुम्ही छान लिहिलंय पण मला पटत नाही. मी आयुष्यभर लोकांच्या हिशोबाच्या वह्या तपासल्यात म्हणून सांगतो, अफरातफर करणाऱ्या प्रत्येकाकडे एक दुःखी बालपण तयार असतं. विचारलं की काढून दाखवतात.

अँडीची घडी बघा. ऑफिसात ऑडिट येतंय, पगारपत्रकात त्याने घातलेले घोळ उघडे पडणार आहेत, दिवस मोजलेले आहेत. ड्रग्जचा खर्च वेगळा. बायकोला घेऊन रिओला जायचंय, तिथे जाऊन नव्याने सुरुवात करू असलं स्वप्न. त्याला झटपट, रोख आणि कोणी प्रश्न न विचारता पैसे हवेत, आणि त्याला ज्या एकाच जागेची आतली माहिती आहे ती म्हणजे बापाचं दुकान. म्हणून ते दुकान. ज्या तिजोरीची किल्ली ठाऊक असते तीच फोडली जाते, बाहेरचा चोर शोधायला लागतो पण घरचा चोर आधीपासून आत असतो. बालपण बिलपण नंतरचं.

मला त्यात सगळ्यात भयंकर वाटतो तो इन्शुरन्सचा मुद्दा. कोणाचंच नुकसान नाही, हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय! कंपनीचं नुकसान हे कोणाचंच नुकसान नाही, मग वडिलांचं नुकसानही नाही कारण ते कंपनी भरून देणार. एकदा हे मनाला पटवलं की पुढे सगळा उतारच आहे. हँकसुद्धा दुकान कोणाचं हे कळल्यावर हादरतो, पण दोन हजार डॉलर ॲडव्हान्स हातात पडलेले असतात आणि ते परत देण्याइतके पैसे त्याच्याकडे नसतात. बस. त्याचा नकार तिथे संपला. त्याला वाईट माणूस व्हायला दोन हजार पुरले, याचं मला कायम वाईट वाटतं.

एक माहिती देतो, मूळ स्क्रिप्टमध्ये हे दोघं भाऊ नव्हतेच. केली मास्टरसनने लिहिलं तेव्हा ते मित्र होते, ल्यूमेटने त्यांना भाऊ केलं. वयाच्या ८३ व्या वर्षी या माणसाला कळलं की मित्रांनी दरोडा टाकला तर ती नुसती क्राइम स्टोरी होते.

खिडकीपाशी:

ताळेबंद काका, तुम्ही दिलेली शेवटची माहिती माझ्याच बाजूची आहे! नुसता पैशाचा मामला असता तर मित्र चालले असते की. ल्यूमेटला भाऊच का लागले मग?

ताळेबंद:

भाऊ लागले कारण त्याने जास्त दुखतं. घाव कुठे लागला आणि घाव का घातला, हे दोन वेगळे प्रश्न आहेत.

मधली:

तुम्ही सगळे दोघा भावांवर आणि बापावर बोलताय. आईबद्दल कोणीच नाही.

नॅनेटचे सीन किती आहेत? दुकान उघडते, दिवे लावते, शोकेस नीट करते, नेहमीची सवयीची कामं. नवरा त्या दिवशी ड्रायव्हिंग लायसन्सच्या टेस्टला गेलाय. आणि मग तो मास्कवाला आत येतो आणि ही म्हातारी बाई गयावया न करता ड्रॉवरमधली बंदूक काढून गोळी झाडते. ती दुकान वाचवतेय, जे पुढे याच मुलांना मिळणार होतं. दरोडेखोराला तिने मारलं आणि त्यानेही तिला. बाहेर गाडीत बसलेला हँक काय करतो, तर घाबरून गाडी पळवतो. आत कोण आहे हे बघायलासुद्धा उतरत नाही. मला उशीच्या सीनपेक्षा हा सीन जास्त लागला.

आणि गीना. अँडीची बायको. हँकशी तिचं दर गुरुवारी चालू होतं हे ती नवऱ्याला कधी सांगते तर बॅग भरून निघताना, आणि तो काही बोलत नाही, रिॲक्टच होत नाही, आणि मग त्याच्याकडेच टॅक्सीला पैसे मागते. तो देतो! त्या नोटा देताना त्याचा चेहरा बघा. या सिनेमात सगळे जण एकमेकांकडे पैसेच मागतायत, कारण दुसरं काही मागायची सोयच त्या घरात उरलेली नाही. ती गेल्यावर तो घर फोडतो तेही हळूहळू, आरडाओरडा नाही, बेडवरच्या चादरी ओढतो, शोभेच्या गोट्यांचं भांडं काचेच्या टेबलावर सावकाश ओततो. एकेक गोटी टणटण. मला वाटलं होतं की आता हा फुटणार, आणि तो फुटतच नाही.

जागरण:

मधली, तो गोट्यांचा सीन मी रिवाइंड करून बघितला. आवाज बंद करून एकदा बघा, अजून वाईट वाटतं.

सहीपुरता:

बरेच वर्ष नुसता वाचतो, आज लिहितोय.

ताळेबंद म्हणतात तसं आणि खिडकीपाशी म्हणतात तसं, दोन्ही एकाच माणसात एकाच वेळी असतं. मी जवळून बघितलंय. वडील आजारी होते, शेवटचे काही आठवडे, धड बोलता येत नव्हतं. मी दुपारी हॉस्पिटलमध्ये असायचो आणि भाऊ रात्री. एका सकाळी गेलो तर त्यांच्या उजव्या हाताच्या अंगठ्याला निळी शाई. मला वाटलं हॉस्पिटलचं काहीतरी असेल. मी ओल्या कापसाने पुसून काढली. स्वतःच्या हाताने पुसली हो मी ती. नंतर चार महिन्यांनी कागद समोर आले तेव्हा कळलं शाई कशाची होती.

भावाला विचारलं तर त्याने आधी रागावून मग रडून जे सांगितलं ते तंतोतंत अँडीसारखं होतं. की तुला शिकवलं, मला लवकर कामाला लावलं, बाबांनी मला कधी शाबास म्हटलं नाही, हे माझ्या हक्काचं होतं. आणि हे खोटं नव्हतं, त्याला खरंच लवकर कामाला लावलं होतं. पण त्याच वेळी त्याच्या डोक्यावर कर्जही होतं आणि देणेकरी दारात होते, हेही तितकंच खरं. कर्ज नसतं तर त्याने ते जुनं दुःख पोटात घेऊन आयुष्य काढलं असतं, आपल्यातले बहुतेक जण काढतात. आणि दुःख नसतं तर तो कर्जासाठी माझ्याकडे आला असता. दोन्ही एकत्र आलं म्हणून तो अंगठा.

बघताना मला हँकचा राग जास्त आला. तो सगळं माहीत असून गाडीत बसून राहिला. आमच्याही घरात गाडीत बसून राहिलेले लोक होते.

ताळेबंद:

सहीपुरता, वाचून बराच वेळ काही लिहवेना. मी वर बालपणाबद्दल जरा तोडून बोललो, ते तुमच्या बाबतीत लागू करू नका. तुमचं म्हणणं मला पटलं. कर्ज नसतं तर दुःख पोटात राहिलं असतं, हे बरोबर आहे.

पाचवी ओळ:

मी यात अजून एक सिनेमा आणतो कारण सहीपुरता यांनी लिहिलेलं वाचून तोच आठवला. 'अ सिंपल प्लॅन', १९९८, सॅम रायमीचा. तिथेही दोन भाऊ, बर्फात पडलेलं छोटं विमान आणि त्यात बॅगेत ४४ लाख डॉलर. हे पैसे तर घरचे नाहीतच, आईबाप दोघंही हयात नाहीत, म्हणजे वसूल करायला कोणी शिल्लकच नाही. तरीही घरचा हिशोब निघतोच. धाकटा हँक (हो, इथेही हँकच) शिकलेला, सरळमार्गी म्हणून ओळखला जाणारा. थोरला जेकब, बेकार, जरा मंद समजला जाणारा. आणि मध्यावर कुठेतरी जेकब सांगतो की बापाचं शेत गेलं ते तुझ्या कॉलेजच्या खर्चापायी, आणि बाप अपघातात गेला नव्हता, त्याने जीव दिला. हँकला हे माहीतच नव्हतं! इतकी वर्षं ज्याला आपण ओझं समजलो त्याने हे एकट्याने सांभाळलं होतं. बिली बॉब थॉर्नटनने ते इतकं साधेपणाने सांगितलंय की अंगावर येतं.

तिथे शेवटी जेकब स्वतः भावाला म्हणतो की मला मार, मला हे घेऊन जगायचं नाही. आणि पैशाचं काय, तर काही नोटांचे नंबर नोंदवून ठेवलेत हे कळतं आणि हँकला सगळ्या नोटा जाळाव्या लागतात. बायको अडवायला बघते, ती जी पहिल्यांदा पैसे परत करायला सांगत होती तीच.

आपल्याकडे भाऊबंदकी हा एक शब्द आहे ना, तो मला फार नेमका वाटतो. नात्याचं नावच भांडणाचं नाव झालंय. ३० ऑगस्ट १७७३ ला शनिवारवाड्यात नारायणरावाला मारलं तेव्हा पोरगा १८ वर्षांचा होता, आणि तो पळत पळत कोणाकडे गेला असं सांगतात, तर काकाकडेच. 'ध' चा 'मा' कोणी केला हा वाद वेगळा, ते सांगीवांगीवरच चालत आलंय. पण जीव वाचवायला माणूस घरच्याच माणसाकडे धावतो, ही त्यातली गोष्ट मला लहानपणापासून सोडत नाही. अँडीसुद्धा शेवटी हॉस्पिटलच्या बेडवर कोणाला बघून मोकळा होतो? बापाला बघून.

खिडकीपाशी:

पाचवी ओळ, या तुमच्या शेवटच्या वाक्याने जागरण ताईंच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर अजून अवघड करून ठेवलं.

माझं मत सांगते. मी तो घातच मानते. बापाने न्याय करायचा असता तर पोलिसांकडे जाता आलं असतं. तो आधी गेलाच होता, तिथे कोणी मनावर घेतलं नाही हे मान्य, पण तेव्हा त्याच्याकडे नाव नव्हतं. मग त्याला तो जुन्या ओळखीचा, चोरीचा माल घेणारा म्हातारा भेटतो आणि त्याच्याकडे अँडीचं कार्ड निघतं. आता नाव आहे. तरी तो पोलिसांकडे जात नाही. आणि हॉस्पिटलमध्ये मुलगा कबुली देतो, माफी मागतो, तेव्हा बाप त्याला असू दे म्हणून समजावतो. आयुष्यात पहिल्यांदा तो या मुलाशी मऊ बोलतो. त्याला शांत करतो आणि मग उशी. 'गॉडफादर'च्या दुसऱ्या भागातला मायकल आठवतो, आईच्या शवपेटीपाशी फ्रेडोला मिठी मारतो आणि त्याच मिठीत त्याचा निकाल लागलेला असतो. तो आई जाईपर्यंत थांबला एवढंच. मिठी मारून केलेला खून मला माफ करता येत नाही, समोरचा कितीही गुन्हेगार असला तरी.

मधली:

मला तसं नाही वाटत. बापाच्या हातांकडे बघा. अँडीच्या छातीला मशिनच्या वायर लावलेल्या आहेत, त्या काढल्या तर मशिन ओरडणार. तो त्या काढतो आणि स्वतःच्या छातीला लावतो. म्हणजे पोराच्या नावावर जे ठोके स्क्रीनवर दिसतायत ते बापाच्या हृदयाचे आहेत. नर्सला कळू नये म्हणून केलेली युक्ती आहे, हो. पण याच माणसाने थोड्या दिवसांपूर्वी बायको कोमात असताना तिचं मशिन बंद करायला होकार दिलाय. त्या वेळी त्याला फक्त मान हलवायची होती. या वेळी त्याने स्वतःला मशिनला जोडून घेतलं. ज्याला फक्त सूड घ्यायचाय तो माणूस हे करताना इतका सावकाश, इतका जपून वायर चिकटवेल का?

मी याला न्याय म्हणत नाहीये. पण घात म्हणायलाही जीभ वळत नाही.

सहीपुरता:

मधली, तुम्ही वायरबद्दल लिहिलंत ते वाचून मी तो सीन परत लावला. अँडीच्या चेहऱ्यावर उशी येण्याआधी एक क्षण आहे, त्याला समजतं. पण बाप इतकं मऊ बोलल्यावर त्याच्या अंगातला सगळा जोर आधीच गेलेला असतो. मला वाटतं तो रडून मोकळा झाला तिथेच संपला होता.

माझे वडील गेले तेव्हा भाऊ रात्रीच्या पाळीला होता, मी नव्हतो. ते त्याला काही म्हणाले का, हे मी आजपर्यंत विचारलेलं नाही.

जागरण:

सगळ्यांचं वाचलं. दुपारी परत शेवटची दहा मिनिटं बघितली, या वेळी फक्त स्क्रीनवरच्या ठोक्यांकडे बघत होते. वायर बदलल्यावर रेघ चालूच राहते. बाप ज्या वेळी उशी दाबतोय त्या वेळी त्या ठोक्यांचा वेग वाढतो का हे मला बघायचं होतं, पण माझे डोळे प्रत्येक वेळी फिनीच्या चेहऱ्याकडे जातात. कोणी नीट बघितलं असेल तर सांगा. मला अजून एकदा लावायची हिंमत नाही.

सहीपुरता, विचारा त्याला. उत्तर काहीही येवो.